पनवेलचे रूळ आणि संकलकाची खोली

चित्रपट कॅमेऱ्यात जन्मतो आणि पडद्यावर दिसतो. या दोन टप्प्यांच्या मधली कामगिरी संकलकाची असते. चित्रीकरण कथेच्या क्रमाने होत नाही. शेवटचा प्रसंग पहिल्या दिवशी घेतला जातो आणि एकाच संवादाचे पाच-सहा टेक होतात. नायक मुंबईत बोलतो, त्याला उत्तर देणारी नायिका महिन्याभराने दुसऱ्याच गावात उभी असते. या सुट्या तुकड्यांतून कोणता ठेवायचा, तो कुठे सुरू करायचा, कुठे तोडायचा आणि त्याला पुढचा कोणता जोडायचा, हे ठरवणे म्हणजे संकलन. कामाचे मराठी नाव संकलन असले, तरी धंद्यातल्या बोलीत ‘एडिटिंग’ आणि ‘कट’ हेच शब्द रुळले आहेत. महाराष्ट्रात या कामाला शंभर वर्षांहून अधिक इतिहास आहे. मुंबई, कोल्हापूर आणि पुणे ही त्याची तीन मुख्य ठिकाणे. मुंबई-पुणे वाटेवरच्या पनवेलच्या परिसराला या इतिहासात जागा मिळाली ती दोन चित्रपटांमुळे.

या कामाची सुरुवात घरातच झाली. धुंडिराज गोविंद तथा दादासाहेब फाळके १९१२ मध्ये लंडनला जाऊन कॅमेरा आणि फिल्मला छिद्रे पाडण्याचे यंत्र घेऊन आले. त्या काळी कच्ची फिल्म छिद्रांविना येई. कॅमेऱ्याच्या दातेरी चाकावर ती बसावी म्हणून तिच्या कडांना अंधारात छिद्रे पाडावी लागत. हे काम सरस्वतीबाई फाळके रात्री बसून करीत आणि फिल्म धुण्याच्या कामातही त्यांचा हात असे. भांडवलदाराची खात्री पटावी म्हणून फाळक्यांनी आधी रोपाच्या वाढीचा छोटा चित्रपट केला. दिवसचे दिवस थोड्या थोड्या चौकटी टिपायच्या आणि त्या सलग दाखवायच्या, अशी त्याची रीत होती. कित्येक दिवसांचा काळ काही क्षणांत दाबून बसवणे हे संकलनाचे मूळ तत्त्व त्यात आधीच हजर होते. ‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये लोकांसाठी लागला. त्याची लांबी सुमारे ३,७०० फूट होती. लेखन, दिग्दर्शन, रसायनप्रक्रिया आणि जोडणी ही सारी कामे फाळके स्वतः करीत. संकलक नावाचा वेगळा माणूस तेव्हा नव्हता.

पुढे ‘लंकादहन’मध्ये (१९१७) अण्णा साळुंके या एकाच नटाने राम आणि सीता या दोन्ही भूमिका केल्या. प्रेक्षकांना ही दोन वेगळी माणसे वाटली, यात वेशभूषेइतकाच तुकड्यांच्या मांडणीचा वाटा होता. एका चित्रानंतर दुसरे चित्र आले की पाहणारा त्यांचा संबंध आपल्या मनात जुळवतो. रशियात लेव्ह कुलेशॉव्हने पुढे प्रयोग करून हेच दाखवले. नटाचा तोच निर्विकार चेहरा एकदा वाटीभर सुपाशेजारी आणि एकदा शवपेटीशेजारी जोडला, तर प्रेक्षकाला त्याच चेहऱ्यावर एकदा भूक आणि एकदा शोक दिसतो. संकलकाचे सगळे सामर्थ्य या एका गोष्टीवर उभे आहे.

कोल्हापुरात बाबूराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत हे काम उमेदवारीतून शिकले जाऊ लागले. पेंटरांनी कॅमेरा स्वतः बनवला होता आणि त्यांच्या हाताखालच्या मुलांना रंगकामापासून फिल्म धुण्यापर्यंत सगळे काम करावे लागे. व्ही. शांताराम, विष्णुपंत दामले, एस. फत्तेलाल आणि केशवराव धायबर ही मंडळी याच तालमीतून आली. त्यांनी सीतारामपंत कुलकर्णी यांच्या साथीने १९२९ मध्ये कोल्हापुरात प्रभात फिल्म कंपनी काढली. १९३३ मध्ये प्रभात पुण्याला आली आणि तिथल्या स्टुडिओत प्रत्येक कामाचे वेगळे खाते उभे राहिले. संकलन हे त्यांतले एक.

बोलपटाने संकलकाचे काम दुपटीने वाढवले. ‘आलम आरा’ हा पहिला भारतीय बोलपट १९३१ मध्ये आला आणि पुढच्याच वर्षी प्रभातचा ‘अयोध्येचा राजा’ हा पहिला मराठी बोलपट लागला. आता चित्राची पट्टी आणि ध्वनीची पट्टी वेगळी असे. दोन्ही जोडीने चालवून ओठांची हालचाल व शब्द चौकटीच्या हिशेबाने जुळवावे लागत. मूकपटात एखादा तुकडा दोन चौकटी आधी तोडला तरी बिघडत नसे. बोलपटात तेवढ्याने शब्दाचे शेपूट तुटे. प्रभातचे बरेच चित्रपट मराठी आणि हिंदी अशा दोन आवृत्त्यांत निघत, म्हणून संकलन-खात्याला एक कथा दोनदा जुळवावी लागे. भाषा बदलली की वाक्याची लांबी बदलते आणि तिच्याबरोबर चित्राच्या तुकड्याचीही लांबी बदलते. हा धडा खात्यातल्या उमेदवारांना रोजच्या कामात मिळत असे.

प्रभातच्या ‘संत तुकाराम’ (१९३६) या चित्रपटाचे संकलन ए. आर. शेख यांचे होते. पुढच्या वर्षी व्हेनिसच्या महोत्सवात तो गौरवला गेला. त्यातल्या चमत्कारांचे प्रसंग कॅमेऱ्याच्या युक्तीइतकेच जोडणीच्या नेमकेपणावर टिकून आहेत. तुकोबांची शांत चाल आणि जिजाईच्या संसाराची लगबग यांचा तोल चित्रपटभर आलटूनपालटून राखला आहे. ‘कुंकू’मध्ये (१९३७) शांतारामांनी पार्श्वसंगीत वापरलेच नाही, प्रसंगातल्या नैसर्गिक आवाजांवर भर दिला. संगीताचा आधार नसला की जोडणीतली प्रत्येक ढिलाई उघडी पडते, म्हणून अशा चित्रपटात कट अधिक काटेकोर लागतो. प्रभातमध्ये संकलनाचे काम शिकलेले अनंत माने पुढे दिग्दर्शक झाले. त्यांचा ‘सांगत्ये ऐका’ (१९५९) पुण्यात १३१ आठवडे चालला. शांतारामांनी प्रभात सोडल्यावर १९४२ मध्ये मुंबईत परळला राजकमल कलामंदिर उभारले. तिथे निघालेल्या ‘दो आँखें बारह हाथ’चे (१९५७) संकलन चिंतामणी बोरकर यांचे होते.

त्या काळच्या संकलकाची खोली म्हणजे एक लहानसा कारखानाच होता. ३५ मिलिमीटर फिल्मच्या एका फुटात १६ चौकटी असतात आणि बोलपट सेकंदाला २४ चौकटींनी धावतो. म्हणजे सेकंदाला दीड फूट आणि मिनिटाला ९० फूट. हजार फुटांचे रीळ सुमारे ११ मिनिटे चालते. संकलक वेळ फुटांत मोजी, तो या हिशेबाने. कॅमेऱ्यातली निगेटिव्ह प्रयोगशाळेत सुरक्षित राही. तिच्यावरून काढलेली कामचलाऊ पॉझिटिव्ह म्हणजे ‘रशेस’ खोलीत येत. साहाय्यक क्लॅपच्या ठोक्यावरून चित्र आणि ध्वनी जुळवी, प्रत्येक टेकची वहीत नोंद करी आणि तुकडे आकड्यांना टांगून ठेवी. संकलक मूव्हिओला यंत्राच्या छोट्याशा पडद्यावर तुकडा पुढे-मागे चालवून पाही, मेणाच्या पेन्सिलीने चौकटीवर खूण करी आणि तिथे कापी. हातात पांढरे सुती मोजे असत, कारण बोटाचा घाम फिल्मवर डाग पाडतो. जोड सिमेंटने, म्हणजे फिल्म विरघळवून चिकटवणाऱ्या द्रावाने, लावला जाई. त्यासाठी आधी थर खरवडावा लागे आणि तसे करताना चौकट वाया जाई. चिकटपट्टीचा जोड आल्यावर चुकलेला कट नुकसान न होता उलगडता येऊ लागला. शेवटी सगळा चित्रपट पक्का झाला की फिल्मच्या कडेवरचे क्रमांक पाहून मूळ निगेटिव्ह त्याच मापाने कापली जाई. त्या कात्रीनंतर मागे फिरायला वाट नव्हती.

या खोलीत जोखीमही होती. विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत वापरात असलेली नायट्रेट फिल्म अतिशय ज्वालाग्राही होती. ती किती धोक्याची, हे पुण्यात फार उशिरा दिसून आले. जानेवारी २००३ मध्ये लागलेल्या आगीत राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाच्या नायट्रेट साठ्याचे मोठे नुकसान झाले आणि मूकपटकाळातला अनमोल ठेवा त्यात गेला.

या कामाचे शिक्षण म्हणजे उमेदवारी. नवा मुलगा आधी रिळे गुंडाळी, मग जोड लावी, मग नोंदवही सांभाळी. कित्येक वर्षांनी त्याला एखादा सोपा प्रसंग कापायला मिळे. गोव्यातल्या पोंबुर्पा गावचे वामन भोसले याच वाटेने आले. १९५२ च्या सुमारास बॉम्बे टॉकीजमध्ये ते डी. एन. पै यांच्या हाताखाली शिकले. त्यानंतर फिल्मिस्तानमध्ये त्यांनी बारा वर्षे साहाय्यक म्हणून काढली. स्वतंत्र संकलक म्हणून त्यांचे नाव झाले ते राज खोसलांच्या ‘दो रास्ते’पासून (१९६९). तिथून पुढे बहुतेक कामात गुरुदत्त शिराळी त्यांचे जोडीदार राहिले. ‘आँधी’, ‘मौसम’, ‘कर्ज’, ‘अग्निपथ’, ‘सौदागर’ अशा एकमेकांशी काडीचे साम्य नसलेल्या चित्रपटांवर त्यांची कात्री फिरली. गुलजारांच्या संथ आठवणींना जी लय हवी, ती सुभाष घईंच्या नाट्याला चालत नाही. दोन्ही लयी ओळखणे ही त्यांच्या दीर्घ उमेदवारीची कमाई होती.

संकलनाच्या खोलीतून दिग्दर्शनाकडे जाण्याची वाटही याच काळात रुळली. कोलकात्याच्या न्यू थिएटर्समध्ये शिकलेले हृषिकेश मुखर्जी बिमल रॉय यांच्याबरोबर मुंबईला आले. त्यांनी ‘दो बीघा ज़मीन’ आणि ‘मधुमती’चे संकलन केले. १९५७ मध्ये ‘मुसाफिर’ काढून ते दिग्दर्शक झाले. दिग्दर्शक विजय आनंद आपल्या चित्रपटांच्या संकलनात स्वतः लक्ष घालीत. याच काळात दिग्दर्शक गुरुदत्त यांच्या ‘प्यासा’सारख्या चित्रपटांचे संकलन करणारे वाय. जी. चव्हाण यांचे नाव मात्र नामावलीपुरतेच राहिले. संकलकाचे काम जितके चांगले, तितके ते कमी दिसते. जोड लक्षात आला की तो चुकला, असे या धंद्यात मानतात. त्यामुळे प्रेक्षकाच्या ओठांवर संकलकाचे नाव क्वचितच येते.

पनवेलचा या इतिहासाशी सर्वांत थेट संबंध ‘शोले’मुळे आला. रमेश सिप्पी यांच्या या चित्रपटाचे चित्रीकरण ऑक्टोबर १९७३ मध्ये सुरू झाले. कथेतले रामगढ गाव उभे राहिले ते कर्नाटकातल्या रामनगरजवळ. आगगाडीवरच्या दरोड्याचा प्रसंग मात्र पनवेलजवळच्या लोहमार्गावर घेतला गेला आणि तेवढ्या एका प्रसंगाला सुमारे सात आठवडे लागले. बेड्या घातलेले जय आणि वीरू, त्यांना नेणारा पोलीस अधिकारी ठाकूर, मालगाडीच्या दोन्ही अंगांनी धावणारे घोडेस्वार दरोडेखोर, वाटेत रचलेले ओंडके उडवत जाणारे इंजिन अशी त्याची मांडणी आहे. पडद्यावर हा प्रवास सलग वाटतो. प्रत्यक्षात सात आठवड्यांत ऊन बदलते, सावल्यांची दिशा बदलते, घोडे दमतात आणि गाडी पुन्हा पुन्हा मागे न्यावी लागते. अशा साहित्यातून सलगता निर्माण करणे ही संकलकाची परीक्षा असते.

ते संकलक होते माधव एस. शिंदे, नामावलीतले एम. एस. शिंदे. सिप्पींबरोबर त्यांनी ‘सीता और गीता’, ‘शान’ आणि ‘शक्ती’ हे चित्रपटही केले. ‘शोले’साठी सुमारे तीन लाख फूट फिल्म वापरली गेल्याचे सांगितले जाते. मिनिटाला ९० फूट या हिशेबाने ती सलग पाहायलाच ५५ तास लागतील. तयार चित्रपट सुमारे १८,००० फुटांचा झाला, म्हणजे टिपलेल्या दर सोळा फुटांतला जेमतेम एक फूट राहिला. गाडीच्या प्रसंगात हे गणित नीट दिसते. धावत्या गाडीचा प्रसंग जोडताना पहिला नियम दिशेचा असतो. गाडी पडद्यावर डावीकडून उजवीकडे धावत असेल तर घोडेही त्याच दिशेने धावले पाहिजेत, नाहीतर ते पाठलाग सोडून परत चालले आहेत असे वाटते. दुसरा नियम अंतराचा आहे. लांबून घेतलेले दृश्य प्रेक्षकाला जागा सांगते, जवळून घेतलेला चेहरा धोका सांगतो आणि दोन्हींची अदलाबदल वेगाची जाणीव देते. तिसरी गोष्ट ध्वनीची. चाकांचा खडखडाट, टापा आणि गोळ्या यांच्या आधाराने कट लपतो, कारण कानाला सलगता मिळाली की डोळा तुटकपणा माफ करतो. वेगात मध्येच थांबायची जागाही लागते. जखमी ठाकूरला सोडून पळायचे की इस्पितळात न्यायचे, हे नाणे उडवून ठरवण्याचा क्षण याच प्रसंगाच्या शेवटी येतो. धावपळीनंतरच्या त्या विसाव्यात पुढच्या सगळ्या कथेचे बीज आहे.

चित्रपटात दुसरीकडे शिंद्यांच्या कात्रीने उलट काम केले आहे. ठाकूरच्या कुटुंबाच्या हत्येत माणूस कोसळताना चौकट गोठते आणि लहान मुलाचा मृत्यू तर दाखवलाच जात नाही. गाडीच्या प्रसंगात शक्य तितके दाखवले आहे, इथे शक्य तितके राखून ठेवले आहे. दोन्ही निर्णय संकलनाचेच. सेन्सॉर मंडळाने शेवटाला हरकत घेतली. ठाकूर डाकू गब्बरला ठार मारतो हा मूळ शेवट आणीबाणीच्या त्या दिवसांत मंजूर झाला नाही. पोलीस येऊन गब्बरला ताब्यात घेतात असा नवा शेवट चित्रित करून जोडावा लागला. चित्रपट १५ ऑगस्ट १९७५ रोजी लागला. त्या वर्षीच्या फिल्मफेअर पुरस्कारांत ‘शोले’ला अनेक नामांकने होती, पण पुरस्कार एकच मिळाला आणि तो उत्कृष्ट संकलनासाठी एम. एस. शिंदे यांना.

दोनच वर्षांनी पनवेल तालुक्यातला एक डोंगर मराठी पडद्यावर आला. पनवेलच्या दक्षिणेला गोव्याच्या वाटेवर कर्नाळ्याचा किल्ला आहे. त्याचा अंगठ्यासारखा उभा सुळका दुरून दिसतो आणि त्या कड्यांना आग्या मोहोळे लागतात. या परिसरातल्या ठाकर आदिवासींच्या जगण्यावर गो. नी. दांडेकरांनी ‘जैत रे जैत’ ही कादंबरी लिहिली. जब्बार पटेल यांनी १९७७ मध्ये तिच्यावर चित्रपट केला. राणी माशीने डोळा घालवल्यामुळे सूड घ्यायला निघालेला नाग्या आणि त्याच्यासोबत उभी राहणारी चिंधी यांची ही कथा गाण्यांतून पुढे सरकते. ना. धों. महानोरांचे शब्द आणि हृदयनाथ मंगेशकरांचे संगीत कथानकाचाच भार वाहतात. अशा चित्रपटात कट संवादाच्या शेवटी पडत नाही, ढोलाच्या ठेक्यावर पडतो. प्रसंगाची लांबी चालीच्या आवर्तनाने ठरते. १९७७ च्या चित्रपटांसाठीच्या राष्ट्रीय पुरस्कारांत ‘जैत रे जैत’ सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपट ठरला. त्याच वर्षीचा संकलनाचा राष्ट्रीय पुरस्कार ‘इन्कार’साठी वामन भोसले यांना मिळाला. ‘इन्कार’ हा अकिरा कुरोसावाच्या ‘हाय अँड लो’वर बेतलेला अपहरणपट होता. त्याची पकड नेमक्या क्षणी माहिती देण्यावर आणि नेमक्या क्षणी ती रोखून धरण्यावर आहे.

तोवर शिकण्याची दुसरी वाट तयार झाली होती. प्रभात बंद पडल्यावर तिच्याच जागेत १९६० मध्ये केंद्र सरकारने फिल्म इन्स्टिट्यूट सुरू केली. संकलन हा तिथला स्वतंत्र अभ्यासक्रम झाला. जिथे उमेदवार रिळे गुंडाळत होते, त्याच आवारात आता रशियन दिग्दर्शक आयझेनस्टाइनचे चित्रपट चौकट-चौकट थांबवून अभ्यासले जाऊ लागले. या संस्थेतून आलेल्या रेणू सलुजा यांनी संकलकाला दिग्दर्शकाच्या बरोबरीचा सहविचारक बनवले. ‘जाने भी दो यारो’ आणि ‘अर्धसत्य’ हे १९८३ चे दोन्ही चित्रपट त्यांचे. ‘अर्धसत्य’ श्री. दा. पानवलकरांच्या ‘सूर्य’ कथेवर आधारलेला होता आणि पटकथा विजय तेंडुलकरांची होती. ‘परिंदा’, ‘धारावी’, ‘सरदार’ आणि ‘गॉडमदर’ या चित्रपटांसाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. पुरुषांच्या मक्तेदारीच्या या खोलीत त्यांच्यानंतर स्त्रिया मोठ्या संख्येने आल्या. ऑगस्ट २००० मध्ये त्यांचे अकाली निधन झाले.

१९८९ मध्ये अमेरिकेत ‘अ‍ॅव्हिड’ ही संगणकावर संकलन करण्याची यंत्रणा बाजारात आली आणि नव्वदच्या दशकात ती मुंबईत पोहोचली. आता तुकडा कापावा लागत नाही, फक्त त्याचा क्रम सांगावा लागतो. एकाच प्रसंगाच्या दहा आवृत्त्या शेजारी शेजारी ठेवता येतात. चूक फुकट झाली तशी ती करण्याची भीती गेली आणि पटापट कट करण्याची सवयही वाढली. कॅमेरेही डिजिटल झाल्यावर फिल्मचा खर्च उरला नाही. दिवसाकाठी टिपले जाणारे साहित्य वाढले आणि त्यातून निवड करण्याचे ओझे संकलकावर आले. रिळे गुंडाळणारा, जोड लावणारा साहाय्यक नाहीसा झाला. गुरूच्या खांद्यावरून पडद्याकडे पाहत शिकण्याची जुनी संधी त्याच्याबरोबर गेली. दुसरीकडे महागडे यंत्र आणि स्टुडिओची खोली यांची सक्ती संपली. पनवेलमधल्या एखाद्या घरात बसून मुंबईच्या चित्रपटाचे संकलन करणे आता तांत्रिकदृष्ट्या अवघड नाही.

नव्या मराठी चित्रपटांत या कलेची दोन टोके दिसतात. रिखव देसाई यांनी संकलित केलेल्या ‘कोर्ट’मध्ये दृश्ये लांबच लांब चालतात, कट लवकर येत नाही आणि न्यायालयातला वेळ प्रेक्षकाला खऱ्या मापाने सोसावा लागतो. कुतुब इनामदार यांच्या ‘सैराट’मध्ये (२०१६) पूर्वार्ध गाण्यांच्या वेगाने धावतो आणि शेवटी ध्वनी पूर्ण काढून घेतला जातो. लहान मुलाची पावले तेवढी दिसतात. केव्हा कापायचे याइतकेच केव्हा कापायचे नाही, हेही संकलनात मोडते.

एम. एस. शिंदे सप्टेंबर २०१२ मध्ये मुंबईत वारले. त्यांची शेवटची वर्षे आर्थिक ओढाताणीत गेली. वामन भोसले एप्रिल २०२१ मध्ये गेले. हाताने कापणाऱ्या पिढीचे अनुभव फारसे लिहून ठेवले गेले नाहीत. ते चित्रपटांतच शिल्लक आहेत आणि चित्रपट जपले तरच राहतील. जून २०२५ मध्ये इटलीतल्या बोलोन्या येथील महोत्सवात ‘शोले’ची पुनर्जतन केलेली प्रत दाखवली गेली. सेन्सॉरने नाकारलेला मूळ शेवट तिच्यात परत जोडलेला आहे. पनवेलच्या रुळांवरची आगगाडी त्या प्रतीत शिंद्यांनी कापली त्याच लयीत धावते. नामावलीत संकलन या शब्दापुढे त्यांचे नाव आहे.